मागून हसणारा

आमच्याकडं पत्रिकेत लग्नाची वेळ साडेबाराची छापलेली असली, तर अक्षता पडायला दोन वाजतात. नवरदेव घोड्यावर बसून मारुतीच्या दर्शनाला जातो, वाटेत पोरं नाचतात, आणि तेवढा वेळ मंडपात जमलेल्या माणसांना धरून ठेवायचं काम एकट्या निवेदकाचं असतं. तो माईकवर बोलत राहतो. त्याचा आवाज मागच्या खुर्चीपर्यंत नीट पोचवायचं काम माझं.

मी लग्नांना साऊंड लावतो. तुळजापूर तालुक्यात हायवेला लागून आमचं गाव आहे, तिथं माझं छोटं दुकान आहे, एक टेम्पो आहे. बारावीनंतर वायरमनचा कोर्स केला, थोडे दिवस मोटारी दुरुस्त केल्या आणि मग या धंद्यात आलो तो इथंच राहिलो.

ज्यांच्याबरोबर मी सगळ्यात जास्त लग्नं केली ते निवेदक एका हायस्कुलात मराठी शिकवायचे. सगळा तालुका त्यांना सर म्हणतो, मीही सरच म्हणतो. ते मला ऑपरेटर म्हणतात. पांढरा सदरा, त्यावर जाकीट, खिशात चारोळ्यांची डायरी. पाहुण्यांचं स्वागत, पुढाऱ्यांचे सत्कार, मामांनी मुलीला मंडपात आणायची सूचना, हे सगळं त्यांच्या तोंडपाठ. आणि नवरदेवाला फारच उशीर झाला की ते एक विनोद सांगायचे. एकच.

एक माणूस बायकोला घेऊन तुळजापूरला येतो. पौर्णिमेची गर्दी असते. दर्शन होतं, आणि बाहेर येऊन बघतो तर बायको शेजारी नाही. मग तो माईकवर पुकारा करणाऱ्याकडं जातो. म्हणतो, साहेब, माझी बायको हरवली. पुकारा करणारा तिचं नाव विचारतो, गाव विचारतो, लुगड्याचा रंग विचारतो, सगळं कागदावर लिहून घेतो आणि माईक तोंडाशी धरतो. तेवढ्यात हा त्याचा हात धरतो आणि म्हणतो, ‘साहेब, जरा हळू पुकारा.’

पहिल्यांदा हे ऐकलं तेव्हा मी इतका हसलो की माईकनं शिट्टी मारली तरी माझा हात बटणाकडं गेला नाही. त्या दिवशी मंडपात मागचे पंखे जोरात होते, लोकांना शेवटचे शब्द नीट ऐकू गेले नव्हते. सगळे गप्प होते. माझं हसणं ऐकून पुढचे चार म्हातारे हसले, मग बायकांची बाजू हसली, मग सगळा मंडप. जेवणाच्या वेळी सर माझ्या शेजारी येऊन बसले.

“ऑपरेटर, आज तुमी वाचवलं. एकजण हसला की मंडप हसतो. दरवेळेला असंच मागून हसत जावा.”

मी हो म्हणालो. तेव्हा ते अवघड वाटलं नाही, कारण हसू आलंच होतं.

घरी येऊन बायकोला तो विनोद सांगितला. ती भाकरी थापत होती. पिठाच्या हातानं तोंड झाकून हसली, नाकाला पीठ लागलं. मग तवा पालथा घालता घालता म्हणाली, “अन् मग त्या बाईचं काय झालं? सापडली का ती?”

“अगं, इनोद हाय तो. तिथंच संपतो.”

“संपतो कसा? ती बिचारी गर्दीत उभी असंल की.”

दुसऱ्या लग्नात मला पुढं काय येणार हे माहीत होतं, तरी मी हसलो, कारण बाकीचे हसतील याची मजा वाटत होती. चौथ्या-पाचव्या वेळी लक्ष भलतीकडं जायला लागलं. सर ‘लुगड्याचा रंग’ म्हणताना डावा हात वर करतात हे दिसलं. ‘माईक तोंडाशी धरला’ म्हणण्याआधी ते श्वास घेतात तो ऐकू यायला लागला. पहिला सीझन संपायच्या आत माझ्यासाठी त्यात गोष्ट अशी उरलीच नाही. ‘साहेब’ हा शब्द सर जोरात म्हणायचे, तिथं आवाज थोडा कमी करायचा. ‘हळू पुकारा’ ते खरंच हळू म्हणायचे, तिथं वाढवायचा. मग मनात एक, दोन मोजायचं आणि हसायचं. एवढंच काम. लग्नसराईत कधी दिवसाला दोन लग्नं असायची. वर्षं गेली तसं ते हसणं आपोआप यायला लागलं. मी वायरीचा जोड बघत असलो, कुणाशी फोनवर बोलत असलो, तरी त्या जागी माझ्या तोंडातून हसणं बाहेर पडायचं.

एकदा धाराशिवचं लग्न उरकून टेम्पोतून परत येत होतो. सर शेजारी बसले होते. मी विचारलं, “सर, आरती आपण रोज तीच म्हणतो. ती काय शिळी होत नाही. मग तुमचा इनोद मला शिळा का झाला?”

सर शिकवायच्या आवाजात बोलायला लागले. “आरतीत कुणी फसत न्हाय, ऑपरेटर. इनोदात माणूस फसतो. त्याला वाटतं, हा बायको शोधतोय. अन् निघतं भलतंच. फसला म्हणून हसतो. दुसऱ्यांदा तिथंच कसा फसंल?”

“मग तुमाला कटाळा येत न्हाय का?”

“मी इनोदाकडं कुठं बघतो? मी माणसांकडं बघतो. माणसं दर लग्नाला नवी असतात. कुणाचं तोंड आधी उघडतं, कोण शेजारच्याला विचारतं, काय म्हणला म्हणून. ते बघायला मला आजून मजा येती.”

मला माणसांची तोंडं दिसत नव्हती. मी स्टेजच्या बाजूला, स्पीकरच्या बॉक्सच्या मागं बसायचो. माझ्या वाट्याला नुसता विनोदच यायचा.

बायको एकदाच माझं काम असलेल्या मंडपात आली होती, आमच्याच गावातल्या एका लग्नाला. येताना गाडीवर मागं बसून म्हणाली, “ते तुमचं हसणं न्हवतं.”

“मग कुणाचं?”

“काय म्हाईत. मंडपवाल्याचं असंल.”

मला वाटलं ती चेष्टा करतेय. घरी आल्यावर तिनं मला दोन-तीनदा तसं हसून दाखवायला लावलं आणि स्वतःच हसत बसली.

मागच्या श्रावणात ती गेली. दोन दिवस डोकं दुखतंय म्हणत होती. गोळी घेऊन काम करत होती. मग एका सकाळी अंगणात बसली ती उठलीच नाही. आधी तुळजापूरला नेली, तिथून सोलापूरला. डोक्यात रक्तस्राव झाला होता. डॉक्टरांनी त्यांच्या परीनं सगळं केलं. तिसऱ्या दिवशी ती गेली. मुलगी धाराशिवला कॉलेजला आहे, तिला दवाखान्यातच बोलावून घेतलं होतं. मेव्हणाही आला होता. तो बायकोचा पाठचा भाऊ, तिच्यापेक्षा चार वर्षांनी लहान. धाराशिवच्या पुढं एका गावात शेती करतो.

मी रडलो नाही. गाडी बघितली, कागदांवर सह्या केल्या, गावात फोन केले. लोक म्हणाले, याला धक्का बसलाय, नंतर रडंल.

मग घरी माणसं यायला लागली. जो येईल तो विचारायचा, “कसं काय झालं ओ?” मी सांगायचो. मेव्हणा माझ्या शेजारी सतरंजीवर बसलेला असायचा. पहिल्या दिवशी सांगताना माझी जीभ अडखळत होती, पुढचं मागं होत होतं. मेव्हणा रडत होता. पण दिवसाला दहा-पंधरा वेळा तेच सांगायचं म्हटल्यावर ते सरळ होत गेलं. डोकं दुखत होतं, इथं लोक मान हलवत. अंगणात बसली ती उठलीच नाही, इथं बायका पदर डोळ्याला लावत. सोलापूर म्हटलं की माणसं पुढं सरकून बसत, आणि तिसऱ्या दिवशी म्हटलं की तोंडानं च्च च्च करत. पाचव्या-सहाव्या दिवशी माझ्या लक्षात आलं, की मी ‘तिसऱ्या दिवशी’ म्हणण्याआधी थोडा थांबतोय. ते लक्षात आल्यावर मी थांबणं बंद करायला बघितलं. जमलं नाही. त्या वाक्याला तेवढी जागा लागतच होती.

तुळशीचं लग्न झालं आणि सीझन सुरू झाला. मुलगी म्हणाली, पप्पा, यंदा राहू द्या. पण घरात बसून तरी काय करणार होतो? पहिलं लग्न जळकोटचं होतं. सर भेटायला येऊन गेले होते, त्यामुळं मंडपात त्याविषयी काही बोलणं झालं नाही. साडेबारा वाजून गेले, नवरदेवाचा पत्ता नाही. सरांनी चारोळ्या म्हटल्या, गावाचा इतिहास सांगितला, फोनवर आलेला कसलासा नवा विनोद वाचून दाखवला. कुणी हसलं नाही. लोक उठून बाहेर जायला लागले. माझा हात मात्र बटणावर होता. आता येईल, आता येईल म्हणून मी वाट बघत होतो. ते ‘साहेब’ काही आलं नाही.

दुसऱ्या लग्नातही तसंच झालं. मला वाटलं, सर विसरायला लागले. तिसऱ्या लग्नाला मंडपात वायरी ओढत होतो, तेव्हा सर दोन चहा घेऊन आले.

“ऑपरेटर, एक बोलू का? ती गोष्ट मी सोडून दिलीय बरं का.”

“कोणची?”

“तीच आपली. हरवल्याची.”

“का सर? लोक उठून चाललेत की.”

सर माझ्याकडं बघत राहिले. “का म्हणजे? तुमाला ऐकवंल का ते?”

मला खरंच कळत नव्हतं ते काय म्हणतायत. चहाचा घोट घेतला आणि मग माझ्या लक्षात आलं, की त्या विनोदात एका माणसाची बायको हरवलेली आहे. इतकी वर्षं ऐकत होतो, पण त्यातली ती बाई माझ्या लेखी केव्हाच नाहीशी झाली होती. फक्त माझ्या बायकोनं तिची चौकशी केली होती, तीही पहिल्याच दिवशी.

“सांगा सर,” मी म्हणालो. “मला काय होत न्हाय.”

“बघा बरं.”

“सांगा.”

त्या दिवशी त्यांनी सांगितला. माझ्याकडं न बघता, जरा खालच्या आवाजात. मी मुद्दाम कान देऊन ऐकला. एकेक शब्द. आता छातीत काहीतरी होईल, मी उठून मंडपाच्या मागं जाईन, असं मला वाटलं होतं. खरं सांगायचं तर तसं व्हावं असंही वाटत होतं. बायको हरवली, हे आलं. लुगड्याचा रंग आला. सरांनी डावा हात वर केला. मी ‘साहेब’ला आवाज कमी केला, ‘हळू’ला वाढवला. एक, दोन. आणि हसलो. मंडप हसला. काहीच झालं नाही. जीभ भाजली की दोन दिवस जेवणाला चव नसते, तसं सगळं सपक होतं. त्या सपकपणाचं वाईट वाटायला पाहिजे होतं, तेही वाटलं नाही.

मग मार्गशीर्षभर सर ते सांगत राहिले आणि मी हसत राहिलो.

माघात तुळजापूर रोडवरच्या एका मंगल कार्यालयात लग्न होतं. मेव्हणा मुलाकडून पाहुणा म्हणून आला होता, हे मला माहीत नव्हतं. तो पाचव्या-सहाव्या रांगेत होता. नवरदेवाला उशीर झाला, सरांनी विनोद सांगितला, मी हसलो. हसणं संपवून समोर बघितलं तर बॉक्सच्या शेजारी मेव्हणा उभा होता. फेटा काढून हातात धरलेला.

“दाजी, तुमी हसलाव?”

“काम हाय ते माझं,” मी म्हणालो.

“काम?”

“सरांनी सांगितलंय मागून हसायला. दरवेळेला हसतो.”

“अक्का जाऊन सहा म्हैने झाले न्हाईत,” तो म्हणाला. आवाज चढवला नाही. “बायको हरवली म्हणतंय अन् तुमी हसताव. सगळ्यांच्या आधी.”

मी त्याला खुर्ची दिली. तो बसला नाही. फेटा माझ्या साऊंडच्या मिक्सरवर ठेवला आणि न जेवता निघून गेला. अक्षतांची वेळ झाली होती म्हणून मला त्याच्या मागं जाता आलं नाही. मंगलाष्टका होईपर्यंत तो फेटा तिथंच होता.

संध्याकाळी मुलीचा फोन आला. “पप्पा, मामाचा फोन आला होता. तुम्ही खरंच हसलात?”

“व्हय.”

“हसू आलं तुम्हाला?”

“न्हाय. हसू न्हाय आलं. हसलो.”

मग ती म्हणाली, “जाऊन भेटा त्याला. फोनवर नका बोलू. तो खूप रडला.”

दोन दिवसांनी एसटीनं गेलो. धाराशिवला गाडी बदलली. फेटा इस्त्री करून पिशवीत घातला होता. मेव्हणा शेतात होता. हरभरा काढणीला आला होता, बांधावर थोडा ओला राहिलेला होता. त्यानं मला येताना बघितलं, पण हातातलं काम सोडलं नाही. मी बांधावर बसलो. बऱ्याच वेळानं तो आला, घागरीतलं पाणी दिलं आणि समोर बसला.

मी त्याला सगळं सांगायला बघितलं. कसं पहिल्यांदा खरंच हसलो होतो, मग कसं नुसतं बटण उरलं, कसं मला त्या विनोदात बायको आहे हेच कळत नव्हतं. सांगता सांगता माझं मलाच ते खोटं वाटायला लागलं. ऐकणाऱ्याला ते पटण्यासारखं नव्हतंच.

त्यानं मधेच विचारलं, “दाजी, एक खरं सांगा. तुमी अक्कासाठी रडलाव का?”

“न्हाय.”

“एकदा बी?”

“न्हाय आलं.”

तो हरभऱ्याचं एक झाड उपटून घाटे सोलायला लागला. एकही खात नव्हता, सोलून खाली टाकत होता. मग खालीच बघत म्हणाला, “तुमी लोकांना सांगत व्हताव ना, कसं झालं ते. मी शेजारी बसलेला. पयल्या दिवशी तुमी अंगणात बसली म्हणलाव की माझं काळीज फाटायचं. मग रोज तेच. दहाव्याच्या आधल्या दिवशी तुमी सांगत व्हताव अन् मी दाराकडं बघत व्हतो, चहा कवा येतोय म्हणून. तुमी ‘तिसऱ्या दिवशी’ म्हणलाव अन् मला वाटलं, आता झालं, आता चहा येईल.”

मी त्यानं खाली टाकलेले दाणे वेचायला लागलो.

“मला कुणालाच सांगता आलं न्हाय ते,” तो म्हणाला. “सख्खी भैन माझी.” आणि तो रडायला लागला. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला. त्याच्या सदऱ्याला घाम आणि हरभऱ्याच्या पाल्याची आंबट आंब लागलेली होती, तळहात चुरचुरत होता. मी शेताच्या पलीकडं बघत होतो. एक बाई शेळ्या घेऊन चालली होती.

रडून झाल्यावर त्यानं डोळे पुसले आणि म्हणाला, “तरी पण हसू नगा दाजी. मला कळतंय तुमचं, पर हसू नगा.”

“बरं,” मी म्हणालो.

जेवायला घरी नेलं. निघताना त्यानं ओल्या हरभऱ्याची पेंढी दिली. फेटा मात्र परत घेतला नाही, म्हणाला राहू द्या तिकडंच. एसटीत मी खिडकीपाशी बसून घाटे सोलून खात आलो. त्यांना चव होती. कोवळे होते, गोड होते.

पुढच्या लग्नाला सरांना सांगितलं, की यापुढं मी हसणार नाही. सर म्हणाले, “बरोबर हाय तुमचं. मी तेव्हाच म्हणलो व्हतो.” विनोद गाळू का, असंही त्यांनी विचारलं. मी म्हणालो, तुम्ही सांगा, मी फक्त हसणार नाही. मला भीती होती की मंडप गप्प राहील आणि सरांची पंचाईत होईल. त्या जागी मी दातांवर दात धरून बसलो, कारण हसणं आपसूक बाहेर यायला बघत होतं. सर ‘जरा हळू पुकारा’ म्हणाले. एक, दोन झालं आणि मंडप हसला. नेहमीइतकाच. पुढची म्हातारी माणसं हसली, बायका हसल्या, एक बाई तर शेजारणीच्या खांद्यावर डोकं टेकून हसत होती. मी त्या दिवशी बॉक्स थोडा बाजूला सरकवला होता, त्यामुळं मला ते सगळं दिसलं. माझ्या हसण्याची गरज केव्हापासून संपली होती, कोण जाणे. सरांना ते माहीत असेल, तर त्यांनी कधी बोलून दाखवलं नाही.

आता लग्नसराई सरत आलीय. सर यंदा शाळेतून निवृत्त होणार आहेत, पण निवेदन सोडणार नाहीत म्हणतात. मुलगी परीक्षा झाल्यावर गावी येईल. तिच्यासाठी मी मागची खोली झाडून घेतली, पंख्याचा कंडेन्सर बदलला.

परवा मेव्हण्याचा फोन आला. त्याच्या थोरल्या पोरीचं जमत आलंय, दिवाळीनंतरचा बेत आहे.

“दाजी, साऊंड तुमचाच सांगायचा,” तो म्हणाला. “पर तुमी न्हाय बसायचं तिथं. दुसरं कुणीतरी बसवा. तुमी पोरीच्या मामाच्या मांडीला मांडी लावून पुढं बसायचं.”

मी बरं म्हणालो. निवेदनाला सरांनाच सांगणार का, ते मी विचारलं नाही. त्यानंच सांगितलं, निवेदक अजून कुणी ठरवलेला नाही, बघू.